बनारसच्या राजाची विहीर, इंग्लंडच्या खेड्यात

एका आईने आपल्या लहान मुलाला बेदम मारलं. त्याचा गुन्हा एवढाच होता की, घरात उरलेलं शेवटचं पाणी तो पिऊन गेला होता.

ही गोष्ट मराठवाड्यातल्या किंवा माणदेशातल्या एखाद्या वस्तीवरची वाटेल. पण ती आहे इंग्लंडमधली, लंडनपासून साठ-सत्तर किलोमीटरवरच्या एका खेड्यातली. एकोणिसाव्या शतकात ज्या देशाचं राज्य अर्ध्या जगावर पसरत चाललं होतं, त्याच देशातल्या एका गावात पिण्याच्या पाण्यावरून पोरं मार खात होती. ईस्ट इंडिया कंपनीचा एक अधिकारी ही आठवण आपल्या एका हिंदुस्थानी मित्राला सांगत असे. तो मित्र बनारसचा महाराजा होता. आणि त्या गोष्टीतून पुढे त्या गावाला एक विहीर मिळाली.

गावाचं नाव स्टोक रो. तिथे आजही ती विहीर उभी आहे. तिच्यावर घुमट आहे, यंत्रावर सोनेरी रंगाचा हत्ती आहे आणि शेजारी राखणदाराचं छोटंसं घर आहे. इंग्लंडमध्ये हिंडणारे आपले लोक लंडनचे राजवाडे आणि वस्तुसंग्रहालयं पाहून येतात. तिथे आपल्याकडून गेलेल्या वस्तू काचेत ठेवलेल्या दिसतात. स्टोक रोची विहीर मात्र कुणी लुटून नेलेली नाही, ती इथून दिली गेली. ती का दिली आणि कशी टिकली, या दोन्ही प्रश्नांची उत्तरं वाटतात तेवढी सोपी नाहीत. म्हणून हा लेख.

टेम्स जवळ, पाणी दूर

स्टोक रो हे ऑक्सफर्डशायरच्या दक्षिण भागात, चिल्टर्न नावाच्या टेकड्यांच्या माथ्यावर वसलेलं गाव. लोकवस्ती आजही साडेसहाशेच्या आसपास. हेन्ली हे टेम्स नदीकाठचं प्रसिद्ध शहर इथून जेमतेम पाच-सहा मैल. नदी एवढी जवळ, पाऊस वर्षभर रिमझिमत असलेला, मग पाण्याची टंचाई कशी? याचं उत्तर जमिनीत आहे.

चिल्टर्नच्या टेकड्या खडूच्या आहेत. शाळेत फळ्यावर आपण ज्याने लिहायचो, तसल्याच मऊ पांढऱ्या चुनखडीचे हे थर. पडलेला पाऊस हा दगड स्पंजासारखा शोषून घेतो. पाणी मुरत मुरत थेट टेकडीच्या तळापर्यंत जातं. त्यामुळे माथ्यावर ओढा नाही, झरा नाही. टेकडीवर गारगोट्या मिसळलेल्या चिकणमातीचा एक थर आहे, त्यातल्या खड्ड्यांत थोडंफार पाणी साचून राहतं. गावकरी त्यावरच जगत. डबकी, छपरावरून गोळा केलेलं पावसाचं पाणी आणि विटांसाठी माती काढून सोडून दिलेल्या खाणी, हे स्टोक रोचे पाणवठे होते. उन्हाळा कोरडा गेला की तेही आटायचं. मग मैलोन् मैल चालून पाणी आणायचं.

गावातली माणसं कष्टकरी होती. याच चिकणमातीच्या विटा भाजणारे भट्टीवाले होते. शेतमजूर होते. चिल्टर्नच्या उतारांवर बीच नावाच्या झाडांची मोठी जंगलं आहेत. त्या जंगलात पायाने चालवायच्या चरकावर लाकूड घासून खुर्च्यांचे पाय घडवणारे कारागीर असत. हे पाय शेजारच्या हाय विकम शहरात जात, तिथे खुर्च्या जोडल्या जात आणि देशभर विकल्या जात. खुर्चीवर बसणाऱ्याला तिचे पाय कुणी घडवले हे ठाऊक नसे. स्टोक रो हे अशा न दिसणाऱ्या माणसांचं गाव होतं. जुन्या व्यवस्थेत तर त्याला स्वतःचं चर्चही नव्हतं. टेकडीखालच्या वेगवेगळ्या गावांच्या हद्दींची टोकं जिथे येऊन मिळतात, तिथली ही वस्ती. चर्च बांधलं गेलं ते १८४० च्या दशकाच्या अखेरीस.

रीडसाहेब आणि काशीनरेश

स्टोक रोला लागून इप्सडेन नावाचं गाव आहे. तिथल्या जमीनदार घराण्यात १८०७ साली एडवर्ड अँडर्डन रीड याचा जन्म झाला. पुढे इंग्रजी कादंबरीकार म्हणून नाव मिळवलेला चार्ल्स रीड हा त्याचा धाकटा भाऊ. एडवर्ड कंपनीच्या नोकरीत हिंदुस्थानात आला आणि आजच्या उत्तर प्रदेशात त्याची बहुतेक कारकीर्द गेली. १८३१ साली आझमगढमध्ये असताना त्याने तिथल्या लोकांसाठी एक विहीर खोदवली होती.

पुढे बनारसमध्ये असताना त्याची महाराजा ईश्वरीप्रसाद नारायण सिंह यांच्याशी मैत्री जमली. ईश्वरीप्रसाद १८३५ साली गादीवर आले होते आणि १८८९ पर्यंत, म्हणजे चोपन्न वर्षं ते काशीनरेश होते. गंगेच्या पलीकडच्या काठावर रामनगरचा किल्ला हे त्यांचं निवासस्थान. बोलण्याच्या ओघात रीडने त्यांना आपल्या मुलुखातल्या पाणीटंचाईबद्दल सांगितलं. मार खाणाऱ्या त्या मुलाची गोष्ट सांगितली. ज्याच्या खिडकीखालून गंगा वाहते, त्या राजाला ती गोष्ट लागली असणार.

मग आलं १८५७. उठावाची आग सगळ्या उत्तर हिंदुस्थानात पसरली. महाराजा कंपनी सरकारच्या बाजूने राहिले. रीड तेव्हा आग्र्यात होता. लेफ्टनंट गव्हर्नर जॉन कॉल्व्हिन सप्टेंबर १८५७ मध्ये आग्र्याच्या किल्ल्यात मरण पावला, तेव्हा काही दिवस वायव्य प्रांताची सूत्रं रीडकडे आली. १८६० मध्ये तो नोकरी संपवून मायदेशी परतला. त्यानंतर महाराजांनी आपल्या मित्राच्या मुलुखात एक विहीर दान करण्याची इच्छा कळवली. त्यांना रीडची आझमगढची विहीर आठवत होती आणि तो मुलगाही आठवत होता. जागा ठरली स्टोक रो.

कुतुबमिनारापेक्षा खोल

१० मार्च १८६३ रोजी काम सुरू झालं. राणी व्हिक्टोरियाचा थोरला मुलगा, प्रिन्स ऑफ वेल्स, याच्या लग्नाचा तो दिवस. विहीर लोकांसाठी खुली झाली २४ मे १८६४ रोजी. तो राणीचा वाढदिवस. या दोन तारखा ध्यानात ठेवा, त्यांच्याकडे पुन्हा यायचं आहे.

मधल्या चौदा महिन्यांत जे झालं, ते ऐकूनही छाती दडपते. विहिरीचा व्यास फक्त चार फूट आणि खोली ३६८ फूट. दिल्लीचा कुतुबमिनार साधारण २३८ फूट उंच आहे. म्हणजे आख्खा कुतुबमिनार या विहिरीइतक्या खोल खड्ड्यात उभा केला, तर त्याच्या टोकावर आणखी १३० फूट मोकळी जागा उरेल. हे सगळं खोदकाम हाताने झालं. चार फुटांच्या नळकांड्यात माणूस दोराने खाली सोडायचा, त्याने अंधारात खडू फोडायचा, आणि तो भरून बादलीने वर ओढून घ्यायचा. वरच्या आभाळाचा तुकडा रोज लहान होत जाणार, खालची हवा रोज जड होत जाणार. ज्यांनी हे काम केलं त्यांचं ऋणही या विहिरीवर आहे. देणगीदाराचं नाव घुमटावर कोरलं जातं, खोदणाऱ्याचं कोरलं जात नाही. हे ताजमहालापासून स्टोक रोपर्यंत सगळीकडे सारखंच.

विहीर खोदण्याचा खर्च आला सुमारे ३५३ पौंड. त्या काळात त्या भागातल्या शेतमजुराला आठवड्याला दहा-अकरा शिलिंग मिळत आणि एका पौंडात वीस शिलिंग होत. म्हणजे एका मजुराची जवळपास तेरा वर्षांची मजुरी. गावाने वर्गणी काढून हे जमणं शक्य नव्हतं.

वॉलिंगफर्ड गावच्या विल्डर यांच्या कारखान्याने लोखंडी यंत्र बनवलं. मोठं चाक, त्यावर बादलीची दोरी, आणि यंत्राच्या माथ्यावर सोनेरी हत्ती. वर लोखंडी खांबांवर पेललेला घुमट, चारही बाजूंनी मोकळा. चर्चच्या सुळक्यांची सवय असलेल्या गावात हा घुमट किती परका वाटला असेल! चाक फिरवून भरलेली बादली वर यायला दहाएक मिनिटं लागत. दहा मिनिटांच्या मेहनतीने एक बादली. तरी ते पाणी स्वच्छ होतं, बारमाही होतं आणि फुकट होतं. डबक्यातल्या पाण्यावर वाढलेल्या गावाला आणखी काय हवं होतं?

चेरीची बाग

इथपर्यंतची गोष्ट एका उदार राजाची आहे. अशा गोष्टी आपल्याकडे पुष्कळ आहेत. खरी शिकण्यासारखी गोष्ट इथून पुढे सुरू होते.

विहीर खोदली की काम संपत नाही. दोर झिजतो, बादली फुटते, चाकाला वंगण लागतं, लोखंड गंजतं. कुणीतरी रोज तिथे लक्ष द्यावं लागतं आणि त्या माणसाचं पोट चालावं लागतं. हा पैसा कुठून येणार? पाण्यावर पट्टी बसवली तर ज्यांच्यासाठी विहीर खोदली तेच तहानलेले राहणार. म्हणून विहिरीशेजारी सुमारे चार एकर जमीन घेतली गेली आणि तिच्यात चेरीची झाडं लावली. चेरी विकून येणारं उत्पन्न विहिरीच्या देखभालीसाठी, अशी योजना. राखणदारासाठी आठ कोनांचं एक टुमदार घर बांधलं, त्याला पंचाहत्तर पौंडांच्या आत खर्च आला. विहिरीवर लक्ष ठेवायचं आणि बाग सांभाळायची, हे त्याचं काम. कारभार पाहायला विश्वस्त नेमले. रीड स्वतः या सगळ्यात शेवटपर्यंत रमला होता.

बागेला नाव दिलं ईश्वरी बाग. तिथे माशाच्या आकाराचं एक तळंही केलं, कारण मासा हे काशीनरेशांचं राजचिन्ह. विहिरीतून निघालेल्या मातीचा एक उंचवटा केला, त्याचं नाव प्रभू टीला. इंग्लंडच्या खेड्यात बाग, टीला हे शब्द रुजले आणि गावकऱ्यांच्या बोलण्यात आले.

आता ही व्यवस्था पुन्हा एकदा पाहा. मूळ मालमत्ता कुणाच्याही खासगी मालकीची नाही. ती विकायची नाही. तिचं उत्पन्न एका ठरलेल्या लोककार्यासाठी. त्यावर देखरेख करणारा माणूस, आणि त्या माणसाची सोय त्याच उत्पन्नातून. आपल्या वाचकांना हे सगळं ओळखीचं वाटायला हवं. हा वक्फ आहे, आणि राखणदार हा मुतवल्ली.

वक्फ हा शब्द आजकाल फक्त वादाच्या बातम्यांत ऐकू येतो, म्हणून त्याचा मूळ अर्थ सांगतो. हजरत उमर (रजि.) यांना खैबरमध्ये चांगली जमीन मिळाली, तेव्हा त्यांनी पैगंबरांना (स.) तिचं काय करावं, असं विचारलं. मिळालेल्या सल्ल्याचा आशय असा होता की, मूळ जमीन राखून ठेवावी आणि तिची फळं लोकांसाठी द्यावीत. मदिनेत हजरत उस्मान (रजि.) यांनी रूमाची विहीर विकत घेऊन सगळ्यांसाठी खुली केली. मुस्लिम समाजात पाण्याचं दान हे सर्वश्रेष्ठ दानांमध्ये गणलं गेलं आणि शहराशहरांत विहिरी, हौद, नहर वक्फ झाले. त्यांच्या जोडीला दुकानं, शेतं, बागा वक्फ झाल्या, कारण उत्पन्नाशिवाय पाणी वाहत राहत नाही हे त्या लोकांना माहीत होतं.

स्टोक रोच्या विहिरीमागे इस्लामी कायदा होता, असं मी म्हणत नाही. हिंदू राजांच्या देवस्थानांनाही जमिनी इनाम असत आणि इंग्लंडमध्येही विश्वस्त निधीची जुनी परंपरा आहे. महाराजा हिंदू, रीड ख्रिस्ती, गाव ख्रिस्ती. मला सांगायचंय ते एवढंच की, ज्याने ज्याने दानाचा गंभीरपणे विचार केला, तो एकाच जागी येऊन पोचला. वास्तू उभारणं हा दानाचा निम्मा भाग. ती चालती ठेवण्याची सोय हा उरलेला निम्मा. मूळ राखा, फळ वाटा. स्टोक रोमध्ये तर ते फळ अक्षरशः फळच होतं.

त्याच काळातल्या दुसऱ्या विहिरी

मघाच्या दोन तारखांकडे परत येऊ. युवराजाच्या लग्नाच्या दिवशी पहिली कुदळ, राणीच्या वाढदिवशी उद्घाटन. हा योगायोग नव्हता. १८५७ नंतरच्या हिंदुस्थानात संस्थानिकांना आपली निष्ठा पुन्हा पुन्हा दाखवावी लागत होती. महाराजांनी नंतरही ती दाखवली. १८७१ मध्ये राजकन्या लुईझच्या लग्नानिमित्त त्यांनी स्टोक रोत पायवाट करून दिली. १८८२ मध्ये राणीवर गोळी झाडली गेली आणि ती बचावली, तेव्हा त्या आनंदात गावकऱ्यांना पाव, चहा, साखर आणि जेवण दिलं. गावाचं भलं होतं, पण निमित्त प्रत्येक वेळी राजघराण्याचं.

असं दान देणारे ते एकटेही नव्हते. १८६७ मध्ये विजयनगरमच्या महाराजांनी लंडनच्या हाइड पार्कला पाणपोई दिली. १८६९ मध्ये मुंबईचे पारशी दानशूर सर कावसजी जहांगीर रेडीमनी यांनी रिजंट्स पार्कमध्ये संगमरवरी पाणपोई उभारली. ब्रिटिश राजवटीत आपल्याला आणि आपल्या पारशी बांधवांना मिळालेल्या संरक्षणाबद्दल कृतज्ञता, असा तिच्यावरच्या लेखाचा आशय आहे. पाच-सहा वर्षांत तीन हिंदुस्थानी माणसं इंग्लंडला पाणी पाजत होती.

आणि हिंदुस्थानात काय चाललं होतं? त्या पिढीच्या इंग्रजांसमोर ‘हिंदुस्थानातली विहीर’ म्हटलं की एकच चित्र उभं राहायचं, ते कानपूरचं. जुलै १८५७ मध्ये बीबीघरात कैदेत असलेल्या सुमारे दोनशे इंग्रज बायका-मुलांची हत्या झाली आणि मृतदेह विहिरीत टाकले गेले. तो गुन्हा होताच, त्याला कुठलंही समर्थन नाही. पण त्याच्या आधीच, जून महिन्यात, बनारस आणि अलाहाबादच्या परिसरात कर्नल नीलच्या फौजेने गावंच्या गावं फासावर चढवायला सुरुवात केली होती. कानपूरनंतर सूडाला पारावार उरला नाही. कानपूरच्या विहिरीचं स्मारक केलं गेलं, ते १८६३ मध्येच. ज्या वर्षी कानपूरची विहीर स्मारक झाली, त्याच वर्षी स्टोक रोची विहीर खोदायला घेतली गेली. कानपूरच्या त्या स्मारकाच्या बागेत हिंदुस्थानी माणसाला मोकळेपणाने जाता येत नसे. स्टोक रोच्या विहिरीवर कुणालाही बंदी नव्हती.

दिल्लीतून हाकलून दिलेल्या लोकांपैकी हिंदूंना आधी परत येऊ दिलं गेलं, मुसलमानांना बरंच नंतर. शहराचे मोहल्लेच्या मोहल्ले पाडले गेले. मिर्झा गालिब यांच्या त्या काळातल्या पत्रांत दिल्लीच्या विहिरींचं दुखणं येतं. विहिरी गेल्या, उरल्या त्यांचं पाणी खारं झालं. पाठोपाठ १८६०-६१ मध्ये दिल्ली, आग्रा आणि दोआबच्या पट्ट्यात भीषण दुष्काळ पडला आणि लाखो माणसं दगावली.

मग मनात कडवट प्रश्न येतोच. आपल्याकडे माणसं तहानेने, भुकेने मरत असताना राजाला ऑक्सफर्डशायरची तहान दिसावी? सत्ताधाऱ्यांना खूश ठेवण्यासाठीच हे दान होतं का?

पाणी कुणी प्यायलं?

हा प्रश्न मी टाळणार नाही, पण त्याचं उत्तर एका शब्दात देणंही प्रामाणिकपणाचं होणार नाही.

आपल्याकडे प्रत्येक अमल नियतीवर तोलला जातो. पण नियत तपासण्याचा अधिकार आपल्याकडे नाही. महाराजांच्या मनात निष्ठेचा हिशेब होता, हे तारखांवरूनच कळतं. पण नुसता हिशेबच असता, तर विजयनगरमच्या महाराजांप्रमाणे त्यांनीही लंडनच्या मध्यवस्तीत, जिथे दरबारी माणसांची नजर पडेल तिथे, काही उभारलं असतं. त्यांनी निवडली ती टेकडीवरची, नकाशावर शोधावी लागेल अशी वस्ती. त्या निवडीमागे मैत्री होती आणि मार खाल्लेलं एक पोर होतं. एकाच कामात स्वार्थ आणि माया दोन्ही असू शकतात. माणसांची बहुतेक कामं अशीच असतात.

दुसरं म्हणजे, ते पाणी प्यायलं कुणी? व्हिक्टोरिया राणी प्यायली नाही. कंपनीचे भागधारक प्यायले नाहीत. वीटभट्टीवरचे मजूर प्यायले, खुर्च्यांचे पाय घडवणारे कारागीर प्यायले, त्यांच्या बायका-पोरांनी त्यात स्वयंपाक केला. हिंदुस्थानातून जी संपत्ती इंग्लंडला गेली, तिच्यातला थेंबसुद्धा या टेकडीवर चढला नव्हता. नाहीतर जगावर राज्य करणाऱ्या देशाला आपल्याच एका गावासाठी एक विहीर खोदता आली नसती का? ती खोदायला गुलाम देशातल्या राजाने यावं लागलं, यातच साम्राज्याचा खरा चेहरा दिसतो. साम्राज्याने इकडची माणसं लुटली आणि तिकडची गरीब माणसं तशीच ठेवली.

आपल्या मनातला ‘इंग्रज’ नेहमी घोड्यावर बसलेला असतो. कलेक्टर, कर्नल, रेसिडेंट. त्याच्या गावात चिखलाच्या डबक्यातून पाणी भरणारी बाई आपल्याला दिसत नाही. आणि आज आपल्याबद्दलही असंच होतं. कोट्यवधी मुसलमानांकडे पाहताना लोकांना एखादा बादशहा दिसतो. बादशहाच्या काळातला पिंजारी, विणकर, भिस्ती कुणाला दिसत नाही. कुठल्याही समाजाला त्याच्या राज्यकर्त्यांवरून ओळखण्याची सवय सोडली पाहिजे, हे मला स्टोक रोने शिकवलं. बनारसच्या राजाला इंग्लंड म्हणजे फक्त राणी दिसली असती, तर ही विहीर झाली नसती. त्याला एक तहानलेलं पोरही दिसलं.

शंभर वर्षांनी

विसाव्या शतकात गावात नळाचं पाणी आलं. पण त्याआधी सत्तरेक वर्षं या विहिरीने गावाची तहान भागवली. नंतर बादली थांबली, तरी विहीर कुणी बुजवली नाही. १९६१ मध्ये राणी एलिझाबेथ भारतात आली, तेव्हा तेव्हाचे काशीनरेश विभूती नारायण सिंह यांनी तिला या विहिरीची हस्तिदंती प्रतिकृती भेट दिली. १९६४ मध्ये विहिरीची शताब्दी गावाने साजरी केली. प्रिन्स फिलिप आले होते. बनारसहून आणलेलं गंगेचं पाणी विहिरीच्या पाण्यात मिसळलं गेलं. योग असा की, त्याच १९६४ साली हाइड पार्कमधली विजयनगरमच्या महाराजांची पाणपोई हटवली गेली. जगाच्या राजधानीतली भव्य भेट गेली, खेड्यातली राहिली.

एकोणिसाव्या शतकात नेमलेल्या विश्वस्तांचं काम आजही चालू आहे. घुमटाला रंग दिला जातो, हत्तीचा सोनेरी रंग उजळला जातो. ज्या गावाची वस्ती आपल्याकडच्या एखाद्या मोहल्ल्यापेक्षा कमी, त्या गावाने परदेशातल्या, परधर्मातल्या राजाची ठेव दीडशेहून अधिक वर्षं सांभाळली आहे.

आणि आपण? सच्चर समितीच्या २००६ च्या अहवालात देशात ४.९ लाखांहून अधिक नोंदणीकृत वक्फ मालमत्ता असल्याचं म्हटलं होतं. त्यांचं वर्षाचं उत्पन्न होतं अवघं १६३ कोटी रुपये. नीट कारभार झाला, तर ते १२ हजार कोटींपर्यंत जाऊ शकतं, असा समितीचा अंदाज होता. या तफावतीला सरकारं जबाबदार आहेत, अतिक्रमणं जबाबदार आहेत, हे खरं. वक्फच्या जमिनी वाचवण्यासाठी कायद्याची लढाई लढावीच लागेल. पण ही बागच आपल्या घरची समजून खाणारे आपल्यातले मुतवल्लीही त्याला तेवढेच जबाबदार आहेत. आपल्या बापजाद्यांनी मूळ राखून फळ वाटायला सांगितलं होतं. आपण फळ तर खाल्लंच, कित्येक ठिकाणी झाडही विकलं.

कितीतरी मशिदींच्या आवारात जुन्या विहिरी आहेत. कुणावर सिमेंटची फरशी पडली आहे, कुणात निर्माल्य आणि प्लॅस्टिक भरलं आहे, कुणाच्या जागेवर दुकानाचा गाळा उभा आहे. त्यातल्या प्रत्येक विहिरीमागे एखादं नाव असेल, एखाद्या आईच्या सवाबासाठी केलेलं दान असेल, तिच्या खर्चासाठी लावून दिलेला एखादा तुकडा असेल. तो तुकडा कुठे गेला, याची चौकशी जुम्म्याच्या नमाजनंतर कुणीतरी करायला हवी. वक्फ वाचवण्याची सुरुवात तिथूनही होऊ शकते.

स्टोक रोच्या राखणदाराकडे कायद्याचं मोठं बळ नव्हतं. त्याच्याकडे एक चाक होतं, एक दोर होता आणि चार एकर चेरीची झाडं. झाडांची निगा राखायची, फळं विकायची, दोर बदलायचा. पिढ्यानपिढ्या कुणीतरी हे केलं, म्हणून एका तहानलेल्या पोराची गोष्ट आज आपल्यापर्यंत पोचली.